वाचकांचे प्रश्न : ललिता पवार आणि चरित्र भूमिकांचा काळ

जुन्या हिंदी चित्रपटांतील चरित्र अभिनेत्यांविषयी या सदराकडे जी पत्रे येतात, त्यांतील निम्मीअधिक ललिता पवार यांच्याविषयी असतात आणि त्यांतील बरेचसे प्रश्न पुन्हा पुन्हा विचारले जातात. म्हणून या वेळी इतर विषय बाजूला ठेवून फक्त त्यांच्याविषयीचे प्रश्न एकत्र घेतले आहेत.

प्रश्न : चित्रीकरणाच्या वेळी बसलेल्या एका थपडेमुळे ललिता पवार यांची नायिका म्हणून कारकीर्द संपली आणि त्या चरित्र भूमिकांकडे वळल्या, असे सर्वत्र वाचायला मिळते. ती दुर्घटना घडली नसती, तर त्या नायिकाच राहिल्या असत्या का?

घटना खरी आहे. १९४२ मध्ये 'जंग-ए-आझादी' या चित्रपटाच्या चित्रीकरणात मास्टर भगवान यांना प्रसंगानुसार त्यांच्या थोबाडीत मारायची होती. ती थप्पड इतकी जोरात बसली की ललिताबाईंच्या चेहऱ्याच्या एका बाजूला अर्धांगवायूसारखा विकार झाला आणि डाव्या डोळ्याला कायमची इजा झाली. उपचार दीर्घकाळ चालले, तरी तो डोळा पुन्हा पूर्ववत झाला नाही. त्या वेळी त्यांचे वय सव्वीस वर्षांचे होते.

मात्र या घटनेवर त्यांच्या पुढच्या सगळ्या आयुष्याचा भार टाकणे मला पटत नाही. एक तर त्यामुळे दुर्घटनेपूर्वीची जवळजवळ चौदा वर्षे झाकून जातात. येवल्यात १९१६ मध्ये जन्मलेल्या अंबा सगुण या मुलीने मूकपटांच्या काळात बालकलाकार म्हणून काम सुरू केले. १९३२ मध्ये आलेल्या 'कैलाश' या मूकपटात त्यांनी भूमिका तर केलीच, शिवाय त्याच्या निर्मितीतही त्यांचा वाटा होता. विशीही न ओलांडलेल्या मुलीने निर्मितीत हात घालावा ही त्या काळात साधी गोष्ट नव्हती. पुढे १९३८ मधील 'दुनिया क्या है' या बोलपटाच्या वेळीही त्यांनी निर्मितीची बाजू सांभाळली. 'हिंमत-ए-मर्दां' (१९३५) मध्ये त्या नायिका होत्या. मराठीत भालजी पेंढारकरांचा 'नेताजी पालकर' (१९३९) आणि मास्टर विनायकांचा 'अमृत' (१९४१) हे त्यांचे चित्रपट याच काळातील आहेत. थपडेच्या कथेत जी असहाय, होतकरू नायिका दिसते, ती यांतील कोणत्याही वर्षी सापडत नाही. स्टंटपटांपासून सामाजिक बोलपटांपर्यंत सर्व तऱ्हेचे काम करून मुरलेली एक व्यावसायिक अभिनेत्री मात्र सापडते.

दुसरे असे की, डोळ्याला काहीही न झालेल्या नायिकांचे त्याच वर्षांत काय झाले, हे पाहिले म्हणजे या प्रश्नाचे उत्तर बरेचसे मिळते. लीला चिटणीस १९३९ ते १९४१ या काळात 'कंगन', 'बंधन' आणि 'झूला' या चित्रपटांत अशोक कुमार यांच्या नायिका होत्या. ते तिन्ही चित्रपट गाजले. 'झूला' नंतर सातच वर्षांनी, १९४८ मध्ये, 'शहीद' या चित्रपटात त्या दिलीप कुमार यांची आई झाल्या आणि १९५१ मध्ये 'आवारा'त राज कपूर यांची. त्यांचे नायक अशोक कुमार मात्र १९४९ मध्ये 'महल'चे नायकच होते आणि पुढेही अनेक वर्षे नायक राहिले. स्त्री कलाकाराला नायिका म्हणून मिळणारी वर्षे त्या धंद्यात थोडी असत आणि ती संपली की आई, सासू, मावशी किंवा आत्या एवढीच दारे उघडी राहत. दुर्गा खोटे 'अयोध्येचा राजा'मधील (१९३२) तारामतीपासून 'मुघल-ए-आझम'मधील (१९६०) जोधाबाईपर्यंत ज्या वाटेने गेल्या, तीही थोड्याफार फरकाने हीच होती.

ललिताबाईंना त्या वाटेवर चार-पाच वर्षे आधी जावे लागले, एवढा परिणाम त्या थपडेचा नक्कीच झाला. १९५२ च्या 'दाग'मध्ये त्या दिलीप कुमार यांच्या आईच्या भूमिकेत आहेत. प्रत्यक्षात दोघांच्या वयांत सहा-साडेसहा वर्षांचेच अंतर होते. मात्र हा हिशेब तेव्हाच्या बहुतेक पडद्यावरच्या आयांना लागू पडतो, त्यात डोळ्याचा संबंध नाही. शिवाय दुर्घटनेनंतर दोनच वर्षांनी, १९४४ मध्ये, प्रभातच्या 'रामशास्त्री' या चित्रपटात त्यांनी आनंदीबाई साकारली, हेही विसरता कामा नये. गजानन जागीरदार यांनी दिग्दर्शित केलेल्या आणि स्वतः रामशास्त्र्यांची भूमिका केलेल्या त्या चित्रपटात 'ध'चा 'मा' करणारी ही बाई केवळ दुष्ट म्हणून चालणार नव्हती. ती बुद्धिमान आणि महत्त्वाकांक्षी वाटणे आवश्यक होते. अशी भूमिका कोणी दयेपोटी देत नाही. पुढे ज्या प्रकारच्या व्यक्तिरेखांसाठी त्या ओळखल्या गेल्या, त्यांचा आरंभ मला तरी येथे दिसतो.

प्रश्न : त्यांनी आयुष्यभर खाष्ट सासूच केली. एकच भूमिका शेकडो वेळा करणाऱ्या कलाकाराला मोठा अभिनेता म्हणावे का?

प्रश्न रोखठोक आहे. त्याचे उत्तर देण्याआधी एकच भूमिका पुन्हा पुन्हा का मिळते, हे पाहिले पाहिजे. तिसाव्या दशकात प्रभात, बॉम्बे टॉकीज, न्यू थिएटर्स यांसारख्या संस्थांमध्ये कलाकार मासिक वेतनावर असत. संस्थेला वर्षभर त्यांना काम द्यायचे असल्यामुळे आज राजा झालेला नट उद्या भिकारी होई. दुसऱ्या महायुद्धानंतर ही व्यवस्था मोडली, स्वतंत्र निर्माते वाढले, नायक-नायिकांचे मानधन चढत गेले आणि चरित्र कलाकार चित्रपटागणिक करार करू लागले. अशा कलाकाराच्या वाट्याला पडद्यावर येणारा वेळ थोडा असे. त्या थोड्या वेळात सासू कशी आहे हे प्रेक्षकाला समजावून सांगत बसण्यापेक्षा, जिला पाहताच तो सावरून बसतो, अशी अभिनेत्री घेणे निर्मात्याला सोयीचे होते. के. एन. सिंग दारात उभे राहिले की संकट आले आणि नाझिर हुसेन दिसले की मुलीचा बाप हळवा होणार, हे प्रेक्षकाला आपोआप कळे. साचा असा तयार होई आणि एकदा तो चालला की कलाकाराला त्यातून बाहेर पडणे कठीण जाई, कारण त्याची रोजची मिळकत त्याच साच्यावर अवलंबून असे.

आता ललिताबाईंनी त्या साच्यात काय केले ते पाहू. व्ही. शांताराम यांच्या 'दहेज' (१९५०) मधील त्यांची सासू हुंड्यासाठी सुनेचा छळ करते. हा त्यांचा सर्वांत परिचित अवतार होय आणि पुढे आलेल्या अनेक सासवा या भूमिकेच्या फिकट नकला आहेत. त्यांतल्या काही खुद्द ललिताबाईंनीच केल्या, हेही प्रामाणिकपणे नोंदवले पाहिजे. साठच्या आणि सत्तरच्या दशकांतील कितीतरी चित्रपटांत त्या येतात, डोळा बारीक करतात, सुनेला चार शब्द सुनावतात आणि जातात. त्या कामात त्यांचा जीव नव्हता, हे पाहणाऱ्याला कळते.

पण केवळ १९५५ या एका वर्षाकडे पाहिले, तरी वरच्या प्रश्नातील 'आयुष्यभर' हा शब्द टिकत नाही. त्या वर्षी गुरुदत्त यांचा 'मिस्टर अँड मिसेस ५५' आला. त्यात त्या सीतादेवी आहेत : श्रीमंत, सुशिक्षित, स्त्रियांच्या हक्कांसाठी सभा घेणाऱ्या, घटस्फोटाच्या कायद्याचा पुरस्कार करणाऱ्या आणि पुरुषमात्राचा तिटकारा असलेल्या. भाचीला वारशाचा पैसा मिळावा म्हणून त्या एका बेकार व्यंगचित्रकाराशी तिचे नावापुरते लग्न लावून देतात. हिंदू विवाह कायदा त्याच वर्षी संमत झाला होता आणि चित्रपटाने सुधारक स्त्रीची केलेली थट्टा आजच्या प्रेक्षकाला रुचण्यासारखी नाही. मलाही ती रुचत नाही. तरीही ललिताबाईंनी सीतादेवींना विदूषक होऊ दिले नाही. त्यांचे बोलणे ठाम आहे, उच्चार स्वच्छ आहेत, आपले म्हणणे योग्यच आहे अशी त्यांची पक्की खात्री आहे. त्यामुळे पटकथेने तिला हरवायचे ठरवलेले असूनही ही बाई शेवटपर्यंत वजनदार वाटते.

त्याच वर्षीच्या 'श्री ४२०' मध्ये त्या मुंबईच्या पदपथावर केळी विकणारी गंगामाई आहेत. गावाकडून आलेल्या राजशी केळ्यांच्या भावावरून जी हुज्जत होते, तिच्यात तोंडाळपणा आहे, पण त्या तोंडाळपणाखाली माया कोठे सुरू होते ते ओळखू येत नाही. इतक्या अलगद त्या एकीतून दुसरीत जातात. एकाच वर्षात ज्या बाईने बंगल्यातील सीतादेवी आणि पदपथावरील गंगामाई या दोघी उभ्या केल्या आणि दोघींच्या बोलण्याचा, उठण्याबसण्याचा पोत निराळा ठेवला, तिला एका भूमिकेची अभिनेत्री म्हणणे अन्यायाचे होईल.

बिमल रॉय यांच्या 'सुजाता'मध्ये (१९५९) त्यांची व्यक्तिरेखा अस्पृश्यता मानणारी आहे आणि घरात वाढलेल्या सुजाताविषयीची तिची घृणा तिला स्वतःला धर्माचरण वाटते. येथे आरडाओरड जवळजवळ नाही, म्हणून ती अधिक बोचते. 'जंगली'त (१९६१) त्या शम्मी कपूर यांच्या आईच्या भूमिकेत घरात हसण्यालाच बंदी घालतात आणि ती शिस्त त्या इतक्या गांभीर्याने पाळतात की विनोद आपोआप निर्माण होतो. पुढच्या वर्षीच्या 'प्रोफेसर'मध्ये त्यांनी याच कठोर प्रतिमेवर स्वार होऊन एक वेगळीच मौज केली. म्हाताऱ्याच्या वेषातील शिक्षकावर ही करड्या स्वभावाची पालक बाई भाळते, लाजते, नटू लागते. प्रेक्षक हसतो, पण पुढे तिची फसवणूक उघड होते तेव्हा त्याला आपल्या हसण्याचा थोडा संकोच वाटावा, एवढी खरी ओढ त्यांनी त्या बाईत ठेवली आहे. 'कोहरा'मधील (१९६४) दाईमा तर आणखी निराळी आहे. घरच्या मृत मालकिणीशी एकनिष्ठ असलेली ही दासी फारसे काहीच करत नाही, फक्त नव्या सुनेच्या आसपास वावरते आणि त्या वावरानेच घर भीतीदायक होते.

डोळ्याविषयीही येथेच सांगतो. त्यांच्या अभिनयाचे श्रेय बारीक झालेल्या डाव्या डोळ्याला देण्याची पद्धत आहे. डोळ्याचा त्यांनी उपयोग करून घेतला यात शंका नाही, परंतु तोच डोळा गंगामाईला आणि 'अनाडी'तील घरमालकिणीलाही होता आणि तेथे त्याची कोणाला भीती वाटत नाही. 'कोहरा' आवाज बंद करून पाहा आणि नंतर 'श्री ४२०' डोळे मिटून ऐका, म्हणजे त्यांचे अर्धे काम आवाजाच्या चढउतारात आणि शब्द तोडण्याच्या पद्धतीत होते, हे ध्यानात येईल.

प्रश्न : आपल्या मते त्यांची सर्वोत्तम भूमिका कोणती?

'अनाडी'मधील (१९५९) मिसेस डिसा. या उत्तरात नवे काही नाही, कारण सहायक अभिनेत्रीचा फिल्मफेअर पुरस्कार त्यांना याच भूमिकेसाठी मिळाला होता. फिल्मफेअर पुरस्कार १९५४ मध्ये सुरू झाले, तेव्हा सहायक भूमिकांसाठी पुरस्कारच नव्हता. तो दुसऱ्या वर्षी आला आणि पहिले मानकरी ठरले 'बूट पॉलिश'साठी डेव्हिड आणि 'बादबान'साठी उषा किरण. त्यानंतर काही वर्षांतच ललिताबाईंचे नाव त्या यादीत आले. १९६१ मध्ये त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कारही मिळाला.

मिसेस डिसा ही ख्रिस्ती घरमालकीण आहे. बेकार भाडेकरू राजवर ती सतत डाफरते, भाड्यावरून बोलते आणि त्याच वेळी त्याच्यावर पोटच्या मुलासारखी जीव लावते. तिचा मृत्यू सदोष औषधाने होतो आणि आळ राजवर येतो. कथेचा सगळा उत्तरार्ध या एका मृत्यूवर उभा असल्यामुळे, मध्यंतरापर्यंत प्रेक्षकाचा तिच्यावर जीव जडला नसेल तर चित्रपट कोसळतो. सहायक भूमिकेवर एवढा भार क्वचितच असतो. ललिताबाईंनी ते काम रडारड न करता केले. मिसेस डिसा प्रेमाचे बोलते तेव्हाही चिडल्यासारखीच बोलते आणि आपली माया कोणी पाहिली की तिला राग येतो.

या भूमिकेमागे दिग्दर्शक हृषीकेश मुखर्जी होते आणि ही गोष्ट मला महत्त्वाची वाटते. साच्यात अडकलेल्या चरित्र कलाकाराला स्वतःहून त्यातून बाहेर पडता येत नाही, त्या साच्याच्या पलीकडे पाहणारा कोणीतरी लागतो. मुखर्जींनी 'अनाडी' नंतर दोनच वर्षांनी 'मेमदीदी' (१९६१) केला आणि त्यात शीर्षकभूमिकाच त्यांना दिली. वस्तीतील दोन दांडगटांना वठणीवर आणणारी ही बाई, आणि ते दोघे म्हणजे डेव्हिड आणि जयंत. एरवी ज्यांची नावे श्रेयनामावलीत खाली येत, असे तीन कलाकार मिळून अख्खा चित्रपट पेलतात, हे दृश्य हिंदी चित्रपटात फारसे पाहायला मिळत नाही. तो आज विस्मृतीत गेला आहे आणि तो पुन्हा पाहिला जावा अशी माझी इच्छा आहे. पुढे 'आनंद' (१९७१) मध्येही मुखर्जींनी त्यांना रुग्णालयातील मेट्रन केले : वरून करडी, आनंदपुढे वितळणारी आणि आडनाव पुन्हा डिसाच. दिग्दर्शकाने जुन्या मिसेस डिसांना केलेला हा नमस्कार असावा, असे मला वाटते.

प्रश्न : दूरदर्शनवरील 'रामायण'मध्ये त्यांना मंथरा करायला लावणे हा त्यांच्या प्रतिमेचा सवंग वापर नव्हता का?

मला तसे वाटत नाही. १९८७ मध्ये रामानंद सागर यांची ती मालिका सुरू झाली, तेव्हा त्या सत्तरीच्या होत्या आणि मंथरेची भूमिका त्यांच्यासाठी नवीन नव्हती. बाबूभाई मिस्त्री यांच्या 'संपूर्ण रामायण' (१९६१) मध्ये त्यांनी तीच केली होती. एकच व्यक्तिरेखा सव्वीस वर्षांनी पुन्हा करण्याची संधी फार थोड्यांना मिळते. दुसरे उदाहरण कन्हैयालाल यांचे. मेहबूब खान यांच्या 'औरत' (१९४०) मधील सुखीलाला सावकार त्यांनी 'मदर इंडिया' (१९५७) मध्ये पुन्हा साकारला. दोन्ही ठिकाणी नायक-नायिका बदलल्या आणि चरित्र कलाकार तोच राहिला. मालिकेतील मंथरा कैकेयीच्या कानाशी लागते ते प्रसंग पाहताना मला तर 'रामशास्त्री'तील आनंदीबाईच आठवते.

प्रश्न : त्यांनी सातशेहून अधिक चित्रपट केले, असे म्हणतात. हा आकडा विश्वसनीय आहे का?

हा आकडा सर्वत्र दिला जातो. १९२८ च्या सुमारास सुरू होऊन नव्वदच्या दशकापर्यंत पोहोचलेल्या कारकिर्दीत तो अशक्य नाही, परंतु तो एकेक चित्रपट मोजून तपासणे अवघड आहे. भारतीय मूकपटांपैकी फारच थोडे आज शिल्लक आहेत आणि तिसाव्या दशकातील स्टंटपटांचीही तीच गत झाली. त्यामुळे त्यांच्या कामाचा पहिला भाग आपल्याला मुख्यतः जाहिराती, छायाचित्रे आणि नामावल्या यांतूनच कळतो. फेब्रुवारी १९९८ मध्ये पुण्यात त्यांचे निधन झाले.

प्रश्न : तरुण प्रेक्षकाने त्यांचे काम कोठून पाहायला सुरुवात करावी?

सासूपासून करू नये. 'श्री ४२०' आणि 'मिस्टर अँड मिसेस ५५' लागोपाठ पाहावेत, त्यानंतर 'अनाडी', मग 'प्रोफेसर'. 'दहेज' शेवटी ठेवावा. देव आनंद यांची दुहेरी भूमिका असलेला 'हम दोनो' (१९६१) पाहताना एका गोष्टीकडे लक्ष द्यावे. त्यात ललिता पवार आणि लीला चिटणीस दोघीही आहेत आणि दोघीही आईच्या भूमिकेत आहेत. एका चेहऱ्याच्या दोन तरुणांच्या या दोन आयांनी, प्रत्येकीने आपापल्या परीने, तेच दुःख किती वेगळ्या तऱ्हेने वाहिले आहे हे ताडून पाहता येते. लीलाबाईंचे दुःख चेहऱ्यावर लगेच उमटते. ललिताबाई ते बराच वेळ आवाजात धरून ठेवतात.